शनिवार तेल्यांच्या गावाला

निघायच्या आदल्या दिवशी बाबांनी तिळाच्या तेलाची बाटली माझ्या हातात दिली. बूच घट्ट लावलेलं, वर पिशवी, पिशवीला सुतळीचे दोन वेढे. "त्यायच्या देवळात दिवा लावत असतीन तं हे द्यजो," म्हणाले. मी बाटली बॅगेत कपड्यांच्या मधे ठेवत होते. बाबा दारातच उभे. मग म्हणाले, "अन् एक विचारजो. शनिवारी घाणा बंद ठेवत होते, हे समजलं. पण बैल? त्या दिवशी बैल दुसऱ्या कामाले जुपत होते, का सोडून देत होते?"

आमचं घर तेल्याचं. वर्धा जिल्ह्यात देवळी तालुक्यातलं, कापूस आणि तुरीचं गाव. घराच्या मागे चिंचेखाली आजोबांचा घाणा होता. उखळात जवस नाहीतर तीळ, त्यात फिरणारी लाट, म्हणजे बाभळीचा जाड दांडा, अधूनमधून कोमट पाण्याचा हबका, आणि डोळ्यांवर झापड बांधलेला बैल सकाळपासून गोल गोल. पुढे आजोबांनी सुधारलेली घाणी आणली. १९३४ साली गांधीजींनी अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ काढला आणि वर्ध्यात मगनवाडीला त्याचं काम सुरू झालं. तिथे झवेरभाई पटेलांनी तेलघाणीवर मेहनत घेऊन जी घाणी बसवली ती पुढे देशभर 'वर्धा घाणी' म्हणून ओळखली गेली. बाबांनी तीच चालवली. मी सातवीत असताना ती थांबली. दुकानात डब्यातलं तेल स्वस्त मिळू लागलं होतं, आणि आमचा पवळ्या बैलही त्याच उन्हाळ्यात गेला. आता माझा भाऊ विजेवरचा लाकडी घाणा चालवतो. लाट लाकडाचीच आहे, पण तिच्यामागे चालणारं कुणी नाही. बाबा मात्र रोज तिथे जाऊन बसतात, ढेप, म्हणजे तेल गाळून उरलेला चोथा, हातात घेऊन चुरून बघतात.

'शनिवार तेली' हे नाव मी डी.एड.ला असताना वाचलं होतं. तेव्हा मला वाटलं, असेल आपल्यातलीच एखादी पोटजात. आमच्याकडे एकबैले आणि दोनबैले आहेत, घाण्याला एक बैल जुंपणारे आणि दोन जुंपणारे. कोकणात सोमवार तेली आहेत, महादेवाचा वार म्हणून सोमवारी घाणा न चालवणारे. तसेच हे शनिवारवाले, मारुतीचे किंवा शनीचे. पुष्कळ वर्षांनी कळलं की हे तेली ज्यू आहेत. बेने इस्रायल, म्हणजे इस्रायलची लेकरं. कोकणच्या किनाऱ्यावर पिढ्यान् पिढ्या राहिलेले, तेल गाळणारे, घरात मराठी बोलणारे. तेव्हापासून त्यांची गावं बघायची मनात होतं. बत्तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवताना सेवाग्रामच्या पलीकडे सहल कधी गेली नाही, तर अलिबाग कुठून.

या जानेवारीत जमलं. कल्याणला राहणाऱ्या भाचीने एक दिवसाची सहल शोधून दिली, सोबत माहिती सांगणाऱ्या बाई, सकाळी ठाण्याहून निघून रात्री परत. मी फोन केला तेव्हा शनिवार मागितला, म्हणजे रविवारी रात्रीची गाडी पकडून सोमवारी शाळेत पोचता आलं असतं. पलीकडच्या बाई शांतपणे म्हणाल्या, "ताई, शनिवारी आम्ही कुणालाच नेत नाही." मी फोन ठेवल्यावरही बराच वेळ ते वाक्य मनात धरून होते. जी गोष्ट बघायला मी जाणार होते ती त्या बाईंच्या घरात अजून चालू होती.

तयारी अशी होती: आठवडाभर आधी आधार कार्डाची प्रत पाठवायची, कारण प्रार्थनास्थळाला नावं कळवावी लागतात. २००८ च्या नोव्हेंबरात मुंबईत नरिमन हाउस या ज्यूंच्या केंद्रावर हल्ला झाला, त्यानंतर ही काळजी वाढली. खांदे झाकलेले कपडे, पुरुषांना डोक्यावर टोपी किंवा रुमाल, फोटो विचारूनच. मांसाहाराचा डबा आणू नये, जेवण तिकडच्याच एका घरी. मी पांढरा दुपट्टा घेतला, आपल्याकडे उन्हाळ्या-हिवाळ्यात सगळेच घेतात तो. संक्रांत नुकतीच झाली होती, म्हणून तिळगुळाचा डबा घेतला, आणि जवसाची चटणी. शनिवारी अर्धी शाळा करून संध्याकाळी वर्ध्याहून विदर्भ एक्सप्रेस. पहाटे कल्याण. भाचीच्या नवऱ्याने ठाण्याला आणून सोडलं.

छोटी बस होती, आम्ही तेरा जण. माहिती सांगणाऱ्या बाई साठीच्या, ठाण्याच्या, निवृत्त शिक्षिका. त्यांचं आडनाव एका कोकणी गावाचं, पुढे 'कर'. पुण्या-मुंबईची काही मंडळी, वास्तुशास्त्र शिकणारी दोन पोरं. आणि पुढच्या सीटवर एक आजी, नातीसोबत. आजी इस्रायलमधल्या अश्दोदहून आल्या होत्या. १९६० च्या दशकात लग्न होऊन गेल्या, त्या आता चौथ्यांदा आल्या. नातीला मराठी समजत होती, बोलता येत नव्हती. आजींची मराठी मात्र जशी नेली तशीच राहिलेली. 'मोटार', 'दिवाबत्ती', 'कंदील', 'आगबोट'. त्यांच्याकडे 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक निघतं, इस्रायलमधून, हे त्यांनीच सांगितलं आणि पिशवीतून एक अंक काढून माझ्या हातात दिला. वर्ध्याच्या माणसाला अश्दोदच्या माणसाने मराठी वाचायला द्यावं, याने मला खरंच भरून आलं.

पनवेल मागे पडलं तशी बाईंनी गोष्ट सुरू केली. त्यांनी आधीच स्पष्ट सांगितलं की काही गोष्टींना कागदाचा पुरावा आहे आणि काहींना फक्त आठवणीचा, आणि कुठली कुठल्या प्रकारची ते त्या दर वेळी सांगतील. शिक्षिकेची ही रीत मला फार आवडली. आठवण अशी: दोन हजार वर्षांपूर्वी, छळाला कंटाळून समुद्रमार्गे निघालेल्या लोकांचं जहाज खांदेरी-उंदेरीच्या जवळ फुटलं. चौल तेव्हा मोठं बंदर, बहुधा तिकडेच निघाले असतील. सात पुरुष आणि सात बाया तेवढ्या वाचल्या. पोथ्या, सामान, सगळं बुडालं. जवळ राहिलं ते तोंडपाठ होतं तेवढंच: 'शेमा इस्राएल' या प्रार्थनेचा आरंभ, आठव्या दिवशी मुलाची सुंता, खाण्यापिण्याचे नेम आणि शनिवारची विश्रांती. कोणी म्हणतं ते इ.स.पूर्व दुसऱ्या शतकात आले, कोणी म्हणतं पुष्कळ नंतर. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात या समाजात मध्यपूर्वेकडचा ज्यू वंश आणि इथला भारतीय वंश असे दोन्ही धागे सापडले, एवढं मात्र पक्कं आहे.

मग नावं. शमुवेलचा सामाजी, अब्राहमचा अबाजी, इसहाकचा इसाजी, रहामिमचा रामाजी. आडनावं गावांवरून: किहीमकर, नवगावकर, पेणकर, रोहेकर, चेऊलकर, दिवेकर. मी वहीत लिहून घेत होते, सातवीच्या पोरांना इतिहासाच्या तासाला विचारीन म्हणून. सणांची नावं ऐकून तर मी लिहायचंच थांबले. नव्याचा सण, खिरीचा सण, दार फाळणीचा सण. आणि बिरड्याचा रोजा. जेरुसलेमचं मंदिर पडलं त्या दुःखाचा उपास, तो सोडायचा वालाच्या बिरड्याने! उपासाला रोजा म्हणायचं, आणि आपल्या प्रार्थनाघराला मशीद. मुंबईतलं पहिलं प्रार्थनाघर १७९६ चं, सामाजी हसाजी दिवेकरांनी बांधलेलं. ते टिपूच्या कैदेत सापडले होते आणि सुटलो तर बांधीन असा त्यांचा नवस होता, असं सांगतात. मशीद बंदर हे नाव त्या जुन्या मशिदीवरूनच आलं, असं बेने इस्रायल सांगतात. पेणच्या पुढे रस्त्याकडेच्या शेतात वाल उभे होते. आमच्याकडे त्यांना पोपट म्हणतात. जानेवारीत घरोघरी पोपटाची उसळ असते.

अलिबागच्या अलीकडे खंडाळा गाव आहे. तिथे एक खडक आहे, त्याला म्हणतात एलियाहू हनावीचा टापा. एलियाहू हा त्यांचा संदेष्टा, अग्नीच्या रथातून स्वर्गात गेलेला. जाताना त्याच्या घोड्याचा पाय आणि रथाचं चाक या खडकाला लागलं, ती ही खूण. कोकणातल्या बेने इस्रायलांचा हा नवसाचा देवमाणूस. लग्न ठरलं, नोकरी लागली, दुखण्यातून उठलं की त्याच्या नावाने मलिदा करायचा. भिजवलेले गोड पोहे, ओलं खोबरं, वेलची, वर फळं आणि फुलं, मोठ्या ताटात. हिब्रू प्रार्थना म्हणायची आणि वाटायचा. जगात दुसरीकडचे ज्यू असा मलिदा करत नाहीत. अश्दोदच्या आजी खडकाजवळ खाली बसल्या, मेणबत्ती लावली, खूण हाताने चाचपली आणि कपाळाला हात लावला. आमच्या गावच्या म्हाताऱ्या पायरीला हात लावून कपाळाला लावतात, तोच हात.

नवगावला मला सगळ्यात जास्त वेळ हवा होता आणि तिथेच सगळ्यात कमी मिळाला, कारण पेणजवळ रस्त्याच्या कामात बस अडकून आमचा तास गेला होता. समुद्राच्या जवळ दफनभूमी आहे. गवत, दगड, उंच नारळ. जहाज फुटल्यावर किनाऱ्याला लागलेली प्रेतं इथे पुरली, पुरुष एकीकडे आणि बाया एकीकडे, अशी आठवण आहे. आता तिथे स्मारक उभारलंय. नंतरच्या काळातल्या दगडांवर हिब्रू आणि मराठी शेजारी शेजारी कोरलेलं. मी एक दगड पूर्ण वाचला. बाईचा होता. नाव, नवऱ्याचं नाव, तारीख. वरच्या हिब्रू ओळी मला वाचता येत नव्हत्या आणि खालची देवनागरी तर मी रोज फळ्यावर लिहिते. मी वाकून दुपट्ट्याच्या टोकाने दगडावरची माती पुसली. बाई म्हणाल्या, आमच्यात कबरीवर फुलांपेक्षा खडा ठेवतात. मी एक खडा ठेवला.

इथेच, उभ्या उभ्या, त्यांनी माशांची गोष्ट सांगितली. ती मला घरी येऊन सगळ्यांना सांगावीशी वाटली, कारण ती बायांची आहे. डेव्हिड राहाबी नावाचा एक परदेशी ज्यू कोकणात आला. केव्हा, याबद्दल मतं वेगळी आहेत. शनिवार पाळणारे हे तेली त्याला आपल्यातले वाटले, पण खात्री कशी करायची? त्याने घरातल्या बायांना तऱ्हेतऱ्हेचे मासे आणून दिले आणि रांधायला सांगितलं. बायांनी मासे निवडले. पर आणि खवले दोन्ही असलेले बाजूला काढले आणि बाकीचे परत केले, हे आमच्यात चालत नाहीत म्हणून. राहाबीला ओळख पटली. पोथी बुडाली होती, पुरुषांच्या प्रार्थना विसरल्या होत्या. धर्म टिकला तो चुलीपाशी, मासे निवडणाऱ्या हातात. पुढे राहाबीने तीन जणांना शिकवलं, त्यांचे काजी झाले. नंतरच्या काळात मिशनऱ्यांच्या शाळांतून हिब्रू आली, १८३२ मध्ये जॉन विल्सनने मराठीतून हिब्रू व्याकरण छापलं, १८४६ मध्ये मुंबईत वल्हांडण या त्यांच्या सणाची पोथी हिब्रू-मराठीत निघाली. हे सगळं मोठंच काम आहे. पण त्याच्या आधी काही शतकं तो भार बायांनी वाहिला.

अलिबागच्या इस्रायल आळीत मागेन अबोथ प्रार्थनालय आहे. १८४८ चं, आताची इमारत १९१० ची. दाराच्या चौकटीला मेझुझा, म्हणजे आत प्रार्थनेचा गुंडाळलेला कागद असलेली लहान डबी. आत मधोमध चौथरा, चारी बाजूंनी लाकडी कठडा, तिथे उभं राहून तोरा, म्हणजे त्यांचा धर्मग्रंथ, वाचतात. समोर पश्चिमेच्या भिंतीत तोराच्या गुंडाळ्या ठेवायचं कपाट, कारण इथून जेरुसलेम पश्चिमेला. वरून टांगलेले काचेचे दिवे. वर बायांसाठी सज्जा. एके काळी आळी भरलेली होती. १९४८ नंतर घरामागून घर इस्रायलला गेलं, आता मोजकी कुटुंबं राहिली. आज सगळ्या भारतात मिळून काही हजार लोक. २०१६ मध्ये महाराष्ट्राने ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला.

बाईंनी एक गोष्ट लपवली नाही. या समाजात गोरे आणि काळे असे भेद होते, गोरे काळ्यांच्या हातचं खात नसत, लग्नसंबंध तर नाहीच. ऐकून मला एकबैले-दोनबैले आठवले आणि माझ्या आत्याचं मोडलेलं लग्न आठवलं. घाण्याला बैल किती जुंपता, यावरून मोडलेलं लग्न. गावाने तेल्याला जिथे बसवलं तिथे हेही बसले. सकाळी तेल्याचं तोंड बघू नये, असं आमच्या गावात म्हणायचे, आणि लहानपणी मी शेजारच्या घरी सकाळी ताक मागायला जात नसे. जहाज फुटून आलेल्या माणसांनी गावात टिकण्यासाठी हाच धंदा धरला, आणि धंद्याबरोबर येणारं सगळंच त्यांच्या वाट्याला आलं.

मी पिशवी काढली. सुतळी सोडली आणि बाटली बाईंना दिली. वडिलांनी दिव्यासाठी पाठवलंय, आमचाही घाणा होता, असं सांगितलं. बाईंनी बाटली शेजारी बसलेल्या आजींच्या हातात दिली. आजींनी बूच काढलं, तळहातावर दोन थेंब घेतले, दोन्ही तळहात चोळले आणि नाकाशी नेले. डोळे मिटूनच म्हणाल्या, "लाकडी लाटेचं आहे. पाणी घालून गाळलेलं. आमच्या आजोबांच्या अंगाला हाच वास यायचा." नातीच्या नाकाशी हात नेला. ती हिब्रूत काहीतरी म्हणाली. आजींनी मला सांगितलं, "ही म्हणते, इतका दाट वास तिला माहीतच नव्हता." तिथल्या राखणदारांनी तेल ठेवून घेतलं. शुक्रवारी संध्याकाळी शब्बाथ, म्हणजे शनिवारची विश्रांती, लागायच्या आधी दिव्यात घालतो, म्हणाले.

इथे बाईंनी एक सांगितलं ते मला तेली म्हणून फार लागलं. ज्यूंचा एक सण तेलाचाच आहे, हनुक्का. मंदिर शत्रूकडून सोडवलं, दिव्यापुरतं एका दिवसाचं तेल सापडलं आणि ते आठ दिवस पुरलं, त्याची आठवण. पण कोकणातल्या या तेल्यांना हा सण ठाऊकच नव्हता. मंदिराची ती घटना इ.स.पूर्व १६४ च्या सुमाराची. त्याआधीच आपले लोक निघाले असतील, म्हणून सण त्यांच्यासोबत आला नाही, असं त्यांच्यातले पुष्कळ जण मानतात. पिढ्यान् पिढ्या तेल गाळलं आणि तेलाचा सण मात्र एकोणिसाव्या शतकात शिकले.

जेवण एका घरच्या ओसरीवर. तांदळाची भाकरी, खोबऱ्याच्या रसातली मच्छी, सोलकढी. मांसासोबत दूध चालत नाही, म्हणून दुधाची जागा नारळाने घेतली. गोडाचा हलवासुद्धा नारळाच्या दुधात. जवसाची चटणी मी सगळ्यांना वाढली. कोकणातल्या माणसांना ती नवी होती.

जेवल्यावर मी बाबांचा प्रश्न विचारला. बाईंना विचारला होता, पण उत्तर आजींनी दिलं. "सोडायचे," त्या लगेच म्हणाल्या. "शुक्रवारी दिवस बुडायच्या आत जू काढायचं. शनिवारी बैल गोठ्यात, नाहीतर बांधाला चरायला. दुसऱ्यालाही द्यायचा नाही. एकदा शेजाऱ्याने गाडीला मागितला, आजोबांनी दिला नाही. 'बैलाचाही शब्बाथ आहे,' म्हणाले." मी विचारलं, आठवड्यातला एक दिवस घाणा बंद, मग पोट कसं भरायचं? हाही बाबांच्याच मनातला प्रश्न होता, विचारला नव्हता तरी. आजी म्हणाल्या, "लोकांना ठाऊक असायचं. शुक्रवारी दुपारपर्यंत तेलाला रांग. शनिवारी कुणी दाराशी येत नसे. आणि ओढ असायचीच बाई. ओढ नव्हती असं कोण म्हणेल?"

बाईंनी त्यांच्या पिशवीतून जुन्या कराराचा मराठी अनुवाद काढला आणि अनुवाद नावाच्या पुस्तकातला पाचवा अध्याय उघडला. दहा आज्ञांत शब्बाथची आज्ञा आहे. तिथे काम कुणी करायचं नाही याची यादीच दिली आहे: तू, तुझी मुलं, तुझे चाकर, तुझा बैल, तुझं गाढव, तुझी सगळी जनावरं, तुझ्या वेशीच्या आत राहणारा परका. मी ती यादी दोनदा वाचली. बैलाचं नाव त्यात स्वतंत्र घेतलेलं आहे. मग बाईंनी पंचविसाव्या अध्यायातली आणखी एक ओळ दाखवली, आपणहून, मी शेतकऱ्याच्या घरची म्हणून: मळणी करणाऱ्या बैलाला मुसकं बांधू नये. मी दोन्ही ठिकाणं वहीत उतरवून घेतली, अध्याय आणि ओळीच्या आकड्यासकट. बाबा आकडे विचारतील, हे मला ठाऊक होतं.

रेवदंड्याला पोचेपर्यंत उन्हं उतरली होती. बेथ एल प्रार्थनालय १८४२ चं. आम्ही थोडाच वेळ थांबलो. पुढच्या वेळी मी तिथून सुरुवात करीन आणि नवगावला अर्धा दिवस देईन. जो कोणी जाईल त्याने एका दिवसात चार ठिकाणं करण्यापेक्षा दोनच करावीत, असं माझं मत झालंय.

परतीच्या वाटेवर बाईंनी विचारलं, वर्धा म्हणजे सेवाग्रामच ना? मग तुमच्याकडेही एक ज्यू माणूस येऊन गेलाय. हर्मन कॅलनबाख. गांधीजींचे दक्षिण आफ्रिकेतले स्नेही, वास्तुविशारद. १९१० मध्ये त्यांनी जोहान्सबर्गजवळची अकराशे एकरांची आपली जमीन सत्याग्रहींच्या कुटुंबांसाठी दिली, तोच टॉल्स्टॉय फार्म. १९३९ मध्ये ते सेवाग्रामला बापूंना भेटायला आले होते. मी किती वर्षं पोरांना घेऊन आदिनिवास, बापूकुटी दाखवते आहे. हे नाव मी त्यांना कधी सांगितलं नव्हतं. यंदाच्या सहलीत सांगेन.

सोमवारी रजा टाकली. मंगळवारी सकाळी घरी पोचले तेव्हा बाबा भावाच्या घाण्यावर होते. मी हातपाय धुवून तिकडेच गेले. आवाज होता म्हणून भावाने मशीन बंद केली. मी आधी तेलाचं सांगितलं, आजींनी तळहात चोळून वास घेतला ते. बाबांनी मान हलवली, त्यांना त्यात नवल वाटलं नाही, तेल ओळखता येतंच असं त्यांचं म्हणणं. मग बैलाचं सांगितलं. शुक्रवारी दिवस बुडायच्या आत जू काढायचं. दुसऱ्याले बी द्यायचा नाही.

"अन् लिहून हाय ते?"

मी वही उघडून वाचून दाखवलं. अध्याय सांगितला, ओळ सांगितली. बैलाचं नाव यादीत कुठे येतं, तेही सांगितलं. बाबांनी यादी पुन्हा वाचायला लावली.

"आपण पोळ्याले सोडतो," ते म्हणाले. "आदल्या रोजी खांद शेकतो. आज आवतन घ्या, उद्या जेवाले या, म्हणतो. सालातून एक डाव." मग बराच वेळ ते लाटेकडे बघत राहिले. "त्यायचे बावन्न पोळे होत असतीन मंग."

मी मुसक्याची ओळ वाचली. मळणीच्या बैलाला मुसकं बांधू नये.

"मुसकं बी नाई?"

"नाही बाबा."

खळ्यावर तुरीचा ढीग पडलेला होता. बाबांनी ढेपेचा तुकडा हातात घेतला, चुरला नाही, तसाच धरून ठेवला.

"आपल्या पवळ्याले होतं," ते म्हणाले.